आवाज काढून दाखवा

टक्.

एवढंच. घर कधी नव्हे ते गप्प होतं. लेक भुंगी शेजारच्यांकडे खेळायला गेली होती, नवरा अजून कामावरून यायचा होता, पंखा बंद, नळ बंद, आणि ती ओट्यापाशी उभी राहून स्वतःपुरता चहा गाळत होती. पाठीमागे फ्रिजनं टक् केलं आणि तिच्या हातातली गाळणी अशी हलली की चहा कपात कमी आणि ओट्यावर जास्त गेला. मग हूंऽऽ सुरू झालं, नेहमीचं, बारीक, एकसुरी. तिनं फडकं घेतलं, ओटा पुसला, पुसलेला ओटा पुन्हा पुसला. कानाच्या पाळ्या तापल्या होत्या. स्वतःच्या घरात, स्वतःच्या फ्रिजपुढे, आजूबाजूला चिटपाखरू नसताना माणसाला लाज वाटावी, हे सांगितलं तर कुणाला खरं वाटलं नसतं. तिनं मागं वळूनही पाहिलं नाही. तिथं फ्रिज नव्हताच जणू. कुणी वडीलधारं माणूस येऊन उभं राहिलं होतं, आणि ते रागवत नव्हतं, काही विचारत नव्हतं, नुसता श्वास घेत होतं.

त्या टक्‌चा अर्थ तिला ठाऊक नसेल तर कुणाला असणार. आतला गारवा कमी झाला की एक चिमुकला तुकडा जागा होतो आणि मोटरला हाक मारतो, ती हाक म्हणजे टक्. मोटर चालू लागते ते हूं. नळ्यांमधून गॅस फिरतो तेव्हा गुळगुळ होतं, उपाशी पोटात होतं तसं. गोठलेलं पाणी सुटून मागच्या थाळीत ठिपकतं. आणि आतलं प्लास्टिक गार-गरम होताना अंग आखडतं, सोडतं, तेव्हा कडाड असा आवाज येतो. लोक सगळ्यात जास्त घाबरतात ते त्याला. घरगुती उपकरणांच्या एका कंपनीच्या तक्रार केंद्रात ती लग्नाआधीपासून फोन घेत आली होती आणि फ्रिजचे फोन बहुतेक तिच्याच टेबलावर यायचे. ऑफिसात तिला नावानं कुणी हाक मारत नसे. सगळे ‘कान’ म्हणत. “हा कानाकडे दे,” असं म्हणून फोन तिच्याकडे ढकलला जायचा. शिकवलेलं वाक्य एकच होतं: प्रत्येक आवाज म्हणजे बिघाड नव्हे. आणि शिकवलेला प्रश्नही एकच: आवाज तोंडानं काढून दाखवता का?

या प्रश्नावर माणसं आधी लाजायची. काहीतरीच काय, म्हणायची. आता या वयात, म्हणायची. मग पलीकडे दार ओढून घेतल्याचं ऐकू यायचं, घसा साफ व्हायचा, आणि मघापासून भारदस्त आवाजात कंपनीला कोर्टात खेचणारा गृहस्थ एकाएकी कबुतर व्हायचा. कुणी घों-घों करी, कुणी दातांवर जीभ आपटी, एक बाई तर अशी शीळ घालायची की पलीकडे तिचाच कुत्रा भुंकू लागायचा. सुरुवातीला ती रोज घरी येऊन नवऱ्याला हे सांगायची. म्हणायची, “अरे, इतकी खरी माणसं मी कुठे पाहिली नाहीत. परक्या बाईपुढे तोंडानं फ्रिज होतात.” तेव्हा तिला त्या माणसांची माया वाटायची. मग नोकरी मुरली, आणि माया कुठे मुरली ते कळलं नाही. दुपारी फोन मंदावले की टेबलांवर एक खेळ चाले: कुणाचाही फोन आला की स्पीकर लावायचा, आपला माईक बंद करायचा, आणि समोरचा आवाज पुरता काढायच्या आत बिघाड ओळखायचा. ज्याचं चुकेल त्यानं चहा आणायचा. तिला चहा आणावा लागल्याचं कुणाला आठवत नव्हतं.

अशाच एका दुपारी फोन बासरीनं घेतला होता. बासरी म्हणजे तिच्या शेजारच्या टेबलावरची पोरगी. आवाज इतका गोड की शिव्या घालायला फोन केलेली माणसं जाताना आशीर्वाद देत. बासरीनं स्पीकर लावला आणि डोळे मिचकावले. पलीकडे कुणी म्हातारी होती, फार अदबीनं बोलणारी. “मी आपल्याला तसदी देतेय,” म्हणाली. आपल्याला! खुर्च्या सरकत सरकत जवळ आल्या. बासरीनं शिकवलेला प्रश्न विचारला. म्हातारीनं थोडा विचार केला, आणि मग टक् केलं, अगदी स्वच्छ, मग हूंऽऽ लावलं, ते हळूहळू चढवत नेलं, मग “थांबा हं, इथे तो जरा थांबतो,” असं म्हणून खरोखरच थांबली, मग गुळुक्, आणि सगळ्यांत शेवटी लांबलचक हाऽऽश, दिवसभर राबून खुर्चीत टेकलेल्या माणसासारखा. हास्याचा फुगा फुटला. तिचाही फुटला. तिचं हसणं सगळ्यांहून वेगळं होतं: हसून झालं की शेवटी श्वास आत ओढताना हिक् असा आवाज यायचा. बाबा त्याला पंप म्हणायचे. “हसली आमची सायकल, भरा हवा,” म्हणायचे. बासरी म्हणाली, “आजी, जरा परत काढता? लाइन खराब आहे.” लाइन काचेसारखी लख्ख होती. म्हातारीनं परत काढला. आणि त्या दुसऱ्या खेपेच्या गुळुक्‌ला तिनं ओळखलं.

लहानपणी औषध पाजताना आई चमचा धरून म्हणायची, “गुळुक् केलं की संपलं.” आणि आधी स्वतः करून दाखवायची, मान वर करून, डोळे मिटून. असं गुळुक् जगात दुसऱ्या कुणाला येत नाही. ज्या बाईला सगळं ऑफिस कान म्हणत होतं तिनं आईचा आवाज ओळखला नव्हता, कारण तो आवाज तिच्यासाठी ठेवलेला नव्हताच. परक्यांशी बोलायचा, इस्त्री केलेला आवाज होता तो, आणि तो तिनं कधी लक्ष देऊन ऐकला नव्हता. इथपर्यंत एक वेळ ठीक. माणूस चुकतं. पण ओळखल्यानंतर ती थांबली नव्हती. थांबली असती तर सगळ्यांनी तिच्याकडे पाहिलं असतं, काय गं म्हटलं असतं, आणि तिला सांगावं लागलं असतं की ही माझी आई आहे. तेवढ्यासाठी ती हसत राहिली. आधीचं हसू अजाणतेपणीचं होतं, नंतरचं जाणूनबुजून. आणि दोन्ही हुबेहूब सारखी, दोन्हींना शेवटी हिक्. म्हातारीला तर अवसानच चढलं होतं. “नाही, नाही, आणखी एकदा ऐका, आता नीट काढते,” असं तीच म्हणू लागली. टेबलावर डोकं टेकून लोक हसत होते. हसता हसता तिची नजर बासरीच्या फोनवरच्या दिव्याकडे गेली. माईक बंद असला की तो दिवा लाल असतो, चालू असला की हिरवा. बासरी मधूनमधून बोलत होती, मधूनमधून बटण दाबत होती. तिच्या नजरेला त्या क्षणी दिवा हिरवा दिसला. की लाल होता? मग बासरीनं गोड गळ्यानं सांगितलं, “आजी, नॉर्मल आहे हं, काळजी करू नका,” आणि तक्रार तिथेच मिटवली. चहा कुणाला आणावा लागला ते तिला आठवत नाही. आपणही प्यायलो, एवढं आठवतं.

तेव्हापासून तो दिवा तिच्या डोळ्यांपुढून हलत नव्हता. चौकातल्या सिग्नललाही तो तिला दिसायचा. लाल असेल तर आईला काहीच कळलं नाही, आणि मग गोष्ट आपल्यापुरती राहते, माणूस आपल्यापुरतं काय काय पोटात घालून जगतंच की. हिरवा असेल तर... या ‘तर’पाशी आलं की ती दुसरंच काही काम काढायची. आईला फोन करायचं तिनं टाळलं. आईचा आला तेव्हा भुंगीला दिला. भुंगी तासभर आजीशी बोलायची, बोलणं कमी आणि गुणगुणणं जास्त. पाळण्यात असल्यापासून ती अशी सारखी गुणगुणत असे, म्हणूनच भुंगी. लेकीचं हे बोलणं ती दाराआडून ऐकायची. पलीकडून काय येतंय ते मात्र कळत नसे.

“आईंशी भांडलीस का?” नवऱ्यानं विचारलं. तो सोफ्यावर बसून मोज्यातलं भोक बघत होता.

“छे. का?”

“नाही, मी आपलं विचारलं. तुझं तोंड असं झालंय, एरवी भांडण माझ्याशी असलं की होतं तसं. म्हटलं, आपला नंबर कसा चुकला.”

“ऑफिसचं काम आहे.”

“मग बरंय. आपल्या फ्रिजला का डोळे वटारतेस मग? त्यानं काय केलंय बिचाऱ्यानं?”

ती हसली नाही. सांगावं असं जिभेच्या टोकापर्यंत आलं. पण सांगितलं असतं तर तो म्हणाला असता, अगं एवढंच ना, चालायचंच. आणि त्याच्या चालायचंचनं ते खरंच लहान झालं असतं. ते लहान झालेलंही तिला नको होतं.

खरी गोष्ट त्या फोनच्या आधीच सुरू झाली होती, हे तिला हळूहळू उमगत गेलं. बाबा गेल्यानंतर आई त्या दोन खोल्यांत एकटी राहिली होती. आमच्याकडे ये म्हटलं तर म्हणायची, “बघू.” फोनवर सगळं सांगून झालं की शेवटी, ठेवते म्हणता म्हणता, म्हणायची, “तो फ्रिज बघ गं, हल्ली कसा करतो.”

“कसा करतो?”

“कसा म्हणजे... बोलल्यासारखा.”

“नॉर्मल आहे गं आई. प्रत्येक आवाज म्हणजे बिघाड नव्हे.”

“हो का. मग असू दे.”

असं किती वेळा झालं असेल. ऑफिसातलं वाक्य, ऑफिसातल्या सुरात, जन्मदात्या बाईला. सगळ्या जगाला आवाज काढून दाखवा म्हणणाऱ्या तिनं आईला तेवढं कधी म्हटलं नव्हतं. तिनं म्हटलं असतं तर आईनं घसा साफ केला असता आणि तो हाऽऽश आधी तिलाच ऐकवला असता. आणि तिला लगेच कळलं असतं की हा आवाज नळीतला नाही, हा बाबांचा आहे, कामावरून येऊन खुर्चीत टेकतानाचा. पण तिच्याकडे वेळ नव्हता. म्हणजे वेळ होता, पण आईचं दुःख ऐकायचं म्हटलं की तिला कसंतरी व्हायचं. आईकडे जाताना ती दाराबाहेर थांबून चेहरा सारखा करायची, अशा घरी शोभेल असा. आवाज उतरवायची. भुंगी मोठ्यानं काही बोलली की डोळे मोठे करायची. आपण आईसाठी करतोय असंच तिला वाटायचं.

सुट्टीच्या दिवशी सकाळी ती भुंगीला घेऊन निघाली. नवऱ्याला म्हणाली, “आईचा फ्रिज बघून येते.” तो म्हणाला, “आता घरोघर जायला लागलीस का?” बसमध्ये भुंगी खिडकीशी बसून बसच्या इंजिनात आपला सूर मिसळत होती. ती मनातल्या मनात वाक्य जुळवत होती. आई, मी तिथे होते. आई, मी हसत होते. दोन्ही वाक्यं एका श्वासात म्हणायची, मध्ये थांबायचं नाही; गुळुक् केलं की संपलं. आईच्या दाराशी सवयीनं ती चेहरा सारखा करायला थांबली, आणि तेवढ्यात भुंगीनं बेल दाबली.

“आलीस? ये. पोरगी वाळली गं,” आई म्हणाली. हे ती प्रत्येक वेळी म्हणायची. भुंगीच्या गालांकडे बघून कुणालाही हसू आलं असतं. “काही कळवलं नाहीस. मी काहीच करून ठेवलेलं नाही.”

“काही करू नकोस. मी फ्रिज ऐकायला आलेय.”

आईनं तिच्याकडे पाहिलं. मग म्हणाली, “ऐक की. तो कुठे जातोय.”

स्वयंपाकघरात बाबांची खुर्ची फ्रिजला लागूनच होती, भिंत आणि फ्रिज यांच्या मधे. तिनं ती सरकवली नाही. जमिनीवर बसली आणि फ्रिजच्या अंगाला कान लावला. एवढ्या वर्षांत तिनं फ्रिजला कान कधी लावलाच नव्हता. फ्रिज तिच्याकडे नेहमी माणसांच्या तोंडून आले होते. पत्रा थंड असेल असं तिला वाटलं होतं, तर तो कोमट निघाला, तापातून उठलेल्या माणसाच्या पाठीसारखा. बराच वेळ काही नाही. मग टक्. मग हूं, चढत गेलेलं. मग तो थांबला, अगदी आई म्हणाली होती तिथेच. गुळुक्. आणि हाऽऽश. आईनं काही म्हणजे काही बदललेलं नव्हतं. इतकी हुबेहूब नक्कल करायला माणसानं किती दुपारी इथे नुसतं बसून ऐकलं असेल.

पण आवाज मोठा होता. जेवढा हवा त्याहून मोठा, घुमणारा. तिनं उठून दार उघडलं. आत दिवा लागला आणि त्या दिव्याला उजळायला काही नव्हतं. दुधाची अर्धी पिशवी. वाटीत कापलेलं लिंबू, कड वाळलेलं. दाराच्या कप्प्यात बाबांच्या डोळ्यांत घालायच्या औषधाची बाटली, झाकण घट्ट लावलेली. बाकी जाळ्या रिकाम्या, आणि मोटरबरोबर त्या थरथरत होत्या, एकमेकींना लागत होत्या. रिकामं भांडं जास्त वाजतं, हे सांगायला कंपनीची गरज नाही. तरी ऑफिसात तो प्रश्न ठरलेला होता. आत सामान किती असतं हो? भल्याभल्यांना विचारला होता तिनं तो.

“तू जेवतेस काय गं?” तिनं विचारलं.

“जेवते की. एकटीला लागतं किती?” आई म्हणाली. “लाव ते दार, गारवा जातो.”

तिनं दार लावलं. भुंगी बाहेरच्या खोलीत आजीचा बंद पडलेला जुना फोन कानाला लावून येरझाऱ्या घालत होती. आई ओट्याकडे तोंड करून आणखी एक लिंबू कापत होती, सरबतासाठी. पाठ होती म्हणून बोलणं सोपं वाटलं.

“आई, तू आमच्याकडे फोन केला होतास?”

“केला होता. तुझं नाव नाही हो घेतलं. म्हटलं, उगाच लोक म्हणायचे, हिची आई म्हणून आधी घेतलं.”

“काय म्हणाले?”

“नॉर्मल आहे म्हणाली. गोड पोरगी आहे. तूही तेच म्हणाली होतीस, म्हणजे असणारच नॉर्मल.”

“फाजील आहेत सगळी. कितीदा काढायला लावला त्यांनी तुला आवाज...”

वाक्य तोंडातून सुटलं आणि ते किती लांब गेलं ते तिला दिसत राहिलं. कितीदा, हे तिला कसं ठाऊक असणार होतं? तिनं जुळवून आणलेली दोन्ही वाक्यं तशीच राहिली आणि हे तिसरंच, न बोलावलेलं, येऊन मधे उभं राहिलं. सुरी थांबली. फ्रिजही नेमका त्याच वेळी गप्प झाला, आणि लिंबाची एक बी ओट्यावरून घरंगळून भांड्यात पडली तेही ऐकू आलं. आता आई वळेल. वळावी, बोलावी, निदान डोळे तरी भरून यावेत. मग पाय धरता येतील. आईनं हात धुतले, पदराला पुसले.

“लावला कुठे,” ती म्हणाली. “मीच काढला.” आणि दोरीवरचे कपडे आत घ्यायला गच्चीत निघून गेली. जाताना तिनं लेकीच्या डोक्यावर ओला हात ठेवल्यासारखं केलं. कदाचित तोल सावरायला ठेवला असेल.

ती बाबांच्या खुर्चीत बसली. बसताना तिच्या तोंडून श्वास निघाला आणि तो तिनं अर्ध्यावर धरला. कान, कपाळ, मान, सगळं भाजत होतं. लहानपणी चोरी पकडली गेल्यावर व्हायचं तसं नव्हतं हे. तेव्हा मार बसला की मोकळं वाटायचं. इथे कुणी मारतच नव्हतं. मीच काढला, म्हणजे काय? आईनं झाकून घेतलं की सांगून टाकलं? दिवा लाल होता की हिरवा, हे आता विचारायलाही कुणी उरलं नव्हतं. गच्चीतून कपडे झटकल्याचा आवाज येत होता, फट्, फट्, एकेक झटकून घडी करायची आईची पद्धत.

भुंगी तो बंद फोन घेऊन आली आणि तिच्या गुडघ्यांना रेलली.

“आई, तू फ्रिज हो. मी ऑफिस.”

“आत्ता नको, बाळा.”

“हो ना. आजीनं फोनवर शिकवलाय. आजी फ्रिज होते, टक् करते, गुळुक् करते. मग ऑफिसनं हसायचं. असं.” आणि ती हसून दाखवू लागली, आणि हसून झाल्यावर शेवटी श्वास आत ओढताना हिक् असा आवाज आला. शिकवलेला नव्हता तो. तिचा तिलाच आला होता.

“हे कुणी सांगितलं तुला? ऑफिसनं हसायचं म्हणून?”

“आजीनं. ऑफिसात तू होतीस ना. आजीनं पंप ओळखला.” भुंगी फोनच्या बटणांवर बोट फिरवत, सहज, गुणगुणत असल्यासारखं बोलत होती. “आजी म्हणाली, किती दिवसांनी हसली माझी सायकल. म्हणून तिनं परत आवाज काढला. मग तू परत हसलीस. मग तिनं परत काढला.”

पाठीमागे टक् झालं. मोटर चालू झाली, जाळ्या थरथरू लागल्या, खुर्चीच्या लाकडातून ते हूं तिच्या पाठीत शिरलं. गच्चीचं दार वाजलं. आई कपड्यांचा ढीग छातीशी धरून येत होती, ढिगावर हनुवटी टेकवलेली, त्यामुळे तोंड दिसत नव्हतं. भुंगीनं फोन कानाला लावला, मान वर केली आणि खुर्चीतल्या आपल्या आईच्या चेहऱ्याकडे पाहिलं, फोन उचलल्यावर समोरच्याची वाट बघतात तसं.

“आई, आता आजीनं आवाज काढला तर तू हसशील?”